सावलीपंथाचे महंत

नीलवनात सावलीपंथ माजला होता. सावली हाच खरा माणूस आणि देह नुसता भास, ही त्यांची शिकवण. महंत शतानंदांची सावली पडेल ती जागा मठाची होई. म्हणून हे विरक्त महाराज नेमके संध्याकाळी, सावली लांबली की फिरायला निघत.

एकदा ती मैनावतीच्या विहिरीवर पडली.

"विहीर सोड, पोरी. मठाची झाली."

"सोडते. पण देह भास कसा, ते आधी समजवा ना, महाराज."

महंतांना बोलायला निमित्तच हवं असे. ते बोलत राहिले, म्हातारे शिष्य माना डोलवत राहिले आणि सूर्य बुडाला.

"पटलं," मैनावती जमिनीकडे बघत म्हणाली. "खरे महाराज तर केव्हाच गेले. मग माझी विहीर मागणारे तुम्ही कोण?"