जिवंत किती?

करंजखोपच्या डाळिंबबागांत तेच औषध यंदाही फवारू द्यायचं का, हे ठरवायला कीटकनाशक निरीक्षक देवस्थळे आले. मधमाश्या पाळणाऱ्या चंपाक्कांनी तक्रार केली होती. सकाळची वेळ, झाडं फुलांनी लालभडक झालेली; पण ना गुणगुण, ना पाखराचा आवाज. आपलाच श्वास ऐकून अंगावर काटा यावा, अशी शांतता होती.

देवस्थळ्यांनी झाडांखालची जमीन तपासली आणि हसत कागद पुढे केला. "पहिल्या वर्षी चारशे मेलेल्या माश्या सापडल्या, गेल्या वर्षी चाळीस. आज एकही नाही. औषध निर्धोक आहे, बाई. परवानगी कायम."

"मेलेल्या मोजल्यात साहेब, आता त्याच कागदावर जिवंत किती तेही लिहा," चंपाक्का म्हणाल्या.

देवस्थळे बागभर फिरले. फुलं न्याहाळली, आक्कांच्या वीसही पेट्या उघडल्या. प्रत्येकीत कोरडी, रिकामी पोळी लटकत होती. तासाभराने ते परतले तेव्हा चेहरा उतरला होता.

"एकही नाही," ते पुटपुटले.

"मग मरणार कोण, साहेब?"

देवस्थळ्यांनी परवानगीवर काट मारली आणि खाली फवारणीबंदीची शिफारस लिहिली.