न बुडणारं घटिकापात्र

एका गावात वैद्यकीची एक पाठशाळा होती. जुनी, नावाजलेली. ज्यांनी ती काढली त्यांनी एक नियम घालून दिला होता. कुणाचं नाव पटावरून काढायचं झालं, तर आधी त्याला सगळ्या गुरुजनांसमोर बसवायचं आणि पाण्यावर घटिकापात्र सोडायचं. घटिकापात्र म्हणजे बुडाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी. ती भरून बुडेपर्यंत त्याने बोलायचं, बाकीच्यांनी ऐकायचं. मधे तोंड उघडायचं नाही.

नियम चांगला होता. पण पात्र कित्येक वर्षं खुंटीलाच लटकलेलं होतं.

तिथे तुळाजी नावाचा एक धनगराचा तरणा पोर शिकत होता. हाताला गुण होता, पण बोलणं जड. चार शब्द बोलायचे तर आठ वेळा आवंढा गिळायचा. परीक्षेला त्याने शतावरीच्या ताज्या मुळ्या आणल्या, आणि नेमकी त्याच दिवशी पाठशाळेच्या बागेतली शतावरी उकरलेली सापडली.

"उघडच आहे," थोरले आचार्य म्हणाले. "यात विचारायचं ते काय?"

झालं. नाव कटलं.

तुळाजीच्या वाडीत वैद्य नव्हता. साऱ्या वाडीने त्याला मोठ्या आशेने धाडलं होतं. आता चोर म्हणून कोणत्या तोंडाने परतायचं? तो न्यायाधीश कोंडोपंतांकडे गेला. "म-महाराज, तुम्हीच ठरवा, मी चोर की वैद्य."

"लेका, मला खोकला झाला तरी मी बायकोला विचारतो," कोंडोपंत म्हणाले. "वैद्यकीतलं मी काय ठरवणार? पण थांब."

पाठशाळेचा नियम त्यांना ठाऊक होता. त्यांनी आचार्यांना बोलावलं. आचार्य फणकाऱ्यातच आले. "आता झाडपाला आम्ही न्यायकचेरीत शिकायचा का?"

"छे हो, आचार्य. एवढंच सांगा. पात्र पाण्यात सोडलं होतं?"

"ते... खुंटीलाच आहे," आचार्य म्हणाले.

"मग तुमचा निर्णय उभा राहत नाही. जा, त्याचं ऐका. ऐकून ठरवाल ते तुमचं. त्यात मी पडणार नाही."

तुळाजीचा चेहरा उतरला. "म्हणजे पुन्हा त्यांच्याच दारात?"

"त्यांच्याच, बाबा. विद्या त्यांच्याकडे आहे. मी फक्त त्यांचा नियम त्यांना दाखवला."

दुसऱ्या दिवशी पात्र सोडलं. तुळाजी बसला. शब्द फुटेना. एरवी वाटी केव्हाच बुडाली असती. पण ती तरंगतच राहिली. आचार्यांनी वाकून पाहिलं. भोकात कुंभारमाशीने माती लिंपली होती! एक गुरुजी काडी घेऊन पुढे झाले. आचार्यांनी हातानेच त्यांना मागे बसवलं.

तुळाजीला हळूहळू कंठ फुटला. "मुळ्या आमच्या माळावरच्या. बागेत... बागेत साळू येतो. मी शेळ्या राखल्यात, त्याचं उकरणं ओळखतो. कुंपणाशी काटा पडलेला असंल." मग पुष्कळ वेळ तो पात्राकडे बघत राहिला. वाटी तरंगतच होती. शेवटी मान खाली घालून म्हणाला, "कोठारातलं ज्येष्ठमध मात्र एकदा चघळलं होतं. तेवढं खरं."

गुरुजनांना हसू आवरेना. न विचारता स्वतःची चूक सांगणारा पोर खोटं कशाला बोलेल? सगळे बागेत गेले. कुंपणाच्या फटीत साळूचा, म्हणजे साळिंदराचा, काळापांढरा काटा अडकलेला होता.

आचार्यांनी स्वतःच्या हाताने तुळाजीचं नाव पुन्हा पटावर लिहिलं. मग काडीने पात्राचं भोक मोकळं केलं.

"वापरलं नाही की भोक बुजतं," ते हलकेच म्हणाले. "पात्राचं काय, अन् कानाचं काय."

तात्पर्य: माणूस कितीही जाणता असो, समोरच्याचं पुरतं ऐकून घेतल्याशिवाय त्याने निकाल देऊ नये.