ऐरणीवरची सावली

एका राज्यात भुवनपाल नावाचा राजा होता. नदीपलीकडे त्याच राज्याची टांकसाळ होती. टांकसाळीचा पोतदार नागोजी, त्याची बायको येसाई. राजा राज्य करी, नागोजी नाणी पाडी, येसाई मुशीखालचा कोळसा फुलवी. चांदी किती वितळवायची आणि नाणी किती पाडायची, हे ठरवायचं नागोजीनं. तो आधी पाऊसपाणी पाही, पिकं पाही, बाजारात फेरी मारी, आणि मगच हातोडा उचली.

त्या राज्याची एक रीत होती. राजाची सावली टांकसाळीच्या ऐरणीवर पडू द्यायची नाही. राजाला काही सांगायचं असलं तर त्यानं उंबऱ्याबाहेर निंबाखाली बसावं, बोलावं, गूळपाणी घ्यावं, परत जावं. पोतदारानं सगळं ऐकावं आणि आपल्या अकलेनं करावं. पोतदार नेमायचा राजानं, पण एकदा नेमला की मुदत संपेपर्यंत त्याला हलवायचं नाही. ही रीत जुन्या राजांनीच घातली होती. ते म्हणत, भूक लागलेल्याच्या हाती वाढायची पळी देऊ नये, मग तो घरधनी का असेना.

भुवनपाल वाईट नव्हता, हौशी होता. त्याच्या मनात आलं, सोन्याच्या कौलांचा महाल बांधावा. अर्धा महाल उभा राहिला आणि खजिना आटला. कर वाढवावा तर लोक बोटं मोडणार. त्याच्या पदरी काळजिभ्या नावाचा मांत्रिक होता. तो म्हणाला, दारी गाय असताना ताकासाठी शेजारी कशाला जायचं?

राजा टांकसाळीत गेला. निंबाखाली बसला नाही, तडक उंबरा ओलांडून आत शिरला. सकाळचं ऊन पाठीशी होतं. सावली लांब झाली आणि ऐरणीवर जाऊन पडली.

"नागोजी, उद्यापासून दुप्पट नाणी पाड."

"नाही पाडत, महाराज. राज्यात ज्वारी आहे तेवढीच आहे. नाणी वाढली म्हणून कणसं वाढत नाहीत, भाव वाढतो."

"राजा तू की मी?"

"राजे तुम्हीच. म्हणून तर ही ऐरण तुमच्यापासून जपायची."

राजाला राग आला. मांत्रिकानं हातावर राख घेतली, फुंकली, आणि नागोजी जागच्या जागी दगड झाला. हातोडा वरच्यावर राहिला. राजा निघून गेला, पण त्याची सावली ऐरणीवरच राहिली. पुसली तरी जाईना, घासली तरी निघेना.

त्या सावलीवर मांत्रिकाची माणसं नाणी पाडू लागली. आधी राज्यात आनंदीआनंद झाला. ज्याच्या त्याच्या कनवटीला नाणी, हलवायाच्या दारी झुंबड. मग लोकांच्या ध्यानात आलं की ही नाणी मुकी आहेत. दगडावर टाकलं तर शेणाची गोवरी पडावी तसा आवाज. सकाळी ज्या नाण्याला पायलीभर ज्वारी मिळे, त्याला दुपारी शेरभर मिळे आणि दिवेलागणीला ओंजळभर. बायका बाजारात पळत जाऊ लागल्या, चालत गेलं तर वाटेतच भाव चढे. राजानं आणखी नाणी पाडायला सांगितली. ती आणखीच मुकी निघाली.

येसाई दगड झालेल्या नवऱ्याच्या पायाशी बसून असे. निंबावर एक तांबट पक्षी होता. तो माणसाच्या वाणीनं बोलला.

"टुक टुक. येसाई, बसून काय होणार? सावली निघाली तर दगड बोलेल."

"ती निघायची कशानं?"

"तीन गोष्टींनी. नागाच्या खजिन्यातली चांदी, आसरांच्या डोहाचं पाणी, आणि राजानं ऐकून घेतलेला नकार."

"पहिल्या दोन आणते. तिसरी कुठं मिळते?"

"ते मला विचारू नकोस. मी पाखरू आहे."

येसाईनं पदर खोचला आणि निघाली. डोंगराच्या पोटात नागाचा खजिना होता. चांदीचे ढीग, आणि ढिगांभोवती हावरटांचे सांगाडे, प्रत्येकाच्या कवेत गाठोडं. येसाईनं एकच लगड उचलली. नागानं फणा काढून विचारलं, सगळ्यांचे हात पिशवी भरेपर्यंत चालतात, तुझा आधीच का थांबला? येसाई म्हणाली, माझी मूस एवढीच आहे बाबा. नाग बाजूला झाला.

पुढं रानात आसरांचा डोह. आसरा, पाण्यातल्या देवता, पाण्यावर केस वाळवत बसल्या होत्या. त्या म्हणाल्या, पाणी घे आणि एक वरही माग. येसाईच्या ओठांवर नवऱ्याचं नाव आलं. तिनं पाण्यात पाहिलं, तर पाणी गढूळ होऊ लागलं होतं. स्वतःसाठी मागणाऱ्याला तो डोह गाळच देई. येसाईनं ओठ दातांखाली दाबले, डोळे पुसले. पाणी निवळलं. तिनं घागर भरली आणि मागं न बघता वाट धरली.

ती परत आली तर मांत्रिकाची माणसं टांकसाळ सोडून गेलेली. तिनं त्या पाण्यानं ऐरण धुतली. सावलीच्या कडा सुटल्या, पण मधली हलेना. नागाची चांदी तिनं मुशीत घातली आणि कोळसा फुलवला.

इकडं शिपायांनी पगाराची मुकी नाणी महालाच्या पायरीवर ओतून दिली. राजा तलवार कमरेला लावून, मांत्रिकाला घेऊन टांकसाळीकडं निघाला. वेशीपाशी त्याची म्हातारी दाई बसली होती. तिच्या मांडीवर नाण्यांचं बोचकं होतं.

"दाईआई, इथं का बसलीस?"

"कापडवाल्याकडं गेले होते रे. तू दर दिवाळीला दिलेलं सारं जपून ठेवलं होतं. म्हटलं, माझ्या कफनाचा भार कुणावर नको. आज त्यात हातभर कापड येईना. तुझ्या राज्यात मरणंही परवडत नाही बाबा."

राजा तिथून पुढं टांकसाळीत आला. म्हणाला, "येसाई, त्या माणसांची नाणी मुकीच निघाली. शिपायांपुरती एक रास तू पाडून दे. एवढं एकदाच. मग तुझी रीत तू पाळ."

मांत्रिक म्हणाला, "पाड बाई. पहिल्या घावाला नवरा जिवंत करून देतो."

येसाईनं नवऱ्याकडं पाहिलं. मग म्हणाली, "नाही."

राजाचा हात तलवारीवर गेला. "नाही म्हणणारा एक दगड झाला. तुलाही व्हायचंय?"

"व्हायचं नाही, महाराज. मला भीती वाटते. पण नाणी पाडणार नाही."

मांत्रिकानं राख उचलली. तोच राजानं त्याचं मनगट धरलं. "थांब. तिचं बोलणं मी ऐकलं," राजा म्हणाला, आणि पावलामागं पाऊल घेत उंबऱ्याबाहेर गेला.

ऐरणीवरची सावली उठली आणि धन्यामागं कुत्रं जावं तशी त्याच्या मागोमाग गेली. मांत्रिकाच्या हातची राख त्याच्याच नाकात शिरली. तो शिंकत शिंकत कावळा झाला आणि उडून गेला. दगडाला घाम फुटला. नागोजीनं अडलेला श्वास सोडला, हातोडा खाली टेकवला आणि म्हणाला, "कोळसा फार फुलवलास गं, चांदी करपेल."

"एवढ्या दिवसांनी तोंड उघडलं आणि हेच सुचलं का?" येसाई म्हणाली, आणि मग मात्र पदरात तोंड घालून रडली.

नागाच्या चांदीचं पहिलं नाणं पडलं. ते दगडावर टाकलं तर असं खणखणलं की नदीपल्याडची गुरं वळून पाहू लागली.

राजा निंबाखाली बसला. त्यानं सोन्याची कौलं उतरवली, ती विकून शिपायांचे पगार दिले आणि मुकी नाणी परत घेऊन वितळायला धाडली. भाव एका दिवसात उतरले नाहीत, सुगी यावी लागली. पण उतरले. राजानं एकच शंका काढली, पोतदारच चुकला तर? नागोजी म्हणाला, खरं आहे, महाराज. म्हणून दर पाडव्याला पोतदारानं चावडीवर उभं राहावं, काय केलं आणि का केलं ते लोकांसमोर सांगावं. राजाला ते पटलं. तेव्हापासून रीत आणखी पक्की झाली.

राजानं नागोजीला गावं इनाम देऊ केली. नवराबायकोनं ती हात जोडून नाकारली. पण देवानं दिलेलं कोण नाकारतं? पुढल्या श्रावणात येसाईला मुलगी झाली, गोरीगोमटी, टपोऱ्या डोळ्यांची. नागोजी बारशाला एक नाणं घेऊन बाजारात गेला. तेवढ्यात गूळ आला, खोबरं आलं, झबलं आलं, आणि वर दुकानदारानं सुटे पैसे परत दिले. त्या घरात त्या दिवशी जसा पाळणा हलला, तसा ऐकणाऱ्यांच्याही घरी हलो.