राणीच्या तळ्यातली पृथ्वी

समुद्रकाठच्या एका चिमुकल्या राज्यात राणी कमळजा तळ्याच्या पायऱ्यांवर दरबार भरवायची. पाण्याकडे बघता बघता तिला कधी न पाहिलेल्या देशांची स्वप्नं पडायची.

एके दिवशी उत्तरेच्या बलाढ्य बादशहाचा दूत लाकडी बैठकीत बसवलेला लाकडी पृथ्वीगोल घेऊन आला. म्हणाला, "राणीसरकार, आमचा देश पाहा, सगळ्यांत वर! तुमचा पार खाली. तेव्हा माझं आसन तुमच्या वरच्या पायरीवर मांडा. नाहीतर आमची लढाऊ जहाजं निघालीच समजा."

राणी मात्र गोलावरचे निळे समुद्र आणि पिवळी वाळवंटं बघण्यात हरवली होती. तिने गोल बैठकीतून सोडवला आणि अलगद तळ्यात ठेवला. झुळकीसरशी पृथ्वी कमळांमधून गिरक्या घेत निघाली. कधी वाळवंट वर आलं, कधी समुद्र. दूताचा देश तर पाण्यात बुचकळ्या खात होता.

"दूतमहाराज, वर कोण आणि खाली कोण हे तुमची लाकडी बैठक ठरवत होती," राणी हसून म्हणाली. "आकाशात पृथ्वीला बैठक कुठली? तरी तुमचा मान राखू. हा गोल थांबला आणि तुमचा देश वर आला, की आसनही वर नेऊ. तोवर खालीच बसा."

दूत खालच्या पायरीवर बसला. संध्याकाळी कमळं मिटली, पण पृथ्वी काही थांबली नाही.