सावलीचा शब्द

त्या माळावर सावली थोडी होती आणि शेळ्या पुष्कळ. जमीन मुरमाड, पाऊस आला तर आला, आणि जे काही कोवळे उगवायचे ते वीतभर होण्याआधीच कुणाच्या तरी दाढेखाली जायचे. त्यामुळे उंच असे तिथे कुणी नव्हतेच. सगळ्यांत उंच होती ती बोराटी, आणि तीही जेमतेम शेळीच्या पाठीएवढी.

बोराटीला जगवले होते काट्यांनी. अंगभर वाकडे काटे घेऊन ती आडवी पसरली होती, आणि तिच्या पोटाशी जमीन गार आणि भुसभुशीत असायची. म्हणून वाऱ्याबरोबर आलेली, पाखरांनी टाकलेली बियाणी तिच्याच आडोशाला उगवू पाहत. त्यासाठी माळाची एक रीत होती. जो दुसऱ्याच्या आडोशाला येईल, त्याने शब्द द्यायचा: ‘उद्या माझी सावली तुमच्यावर.’ गवताची काडी हा शब्द द्यायची आणि थंडी सरेपर्यंत वाळून जायची. रानफुले द्यायची, तीही जायची. आजवर कुणाची सावली बोराटीच्या खालच्या फांदीच्या वर चढली नव्हती. त्यामुळे हा शब्द पाळला गेला तर नेमके काय होते, हे माळावर कुणालाच ठाऊक नव्हते. ऐकायला मात्र तो फार छान वाटायचा. ज्या दिवशी कुणी तो द्यायचे, त्या दिवशी बोराटीची स्वारी खुशीत असायची.

एका साली एका बुलबुलाने तिच्या फांदीवर बसून लिंबोळी खाल्ली आणि बी खाली टाकले. थोड्याच दिवसांत पालापाचोळा बाजूला सारून एक रोप वर आले.

“मावशी,” ते म्हणाले, “मी लिंब. जरा आडोसा द्याल का? मोठा झालो की माझी सावली तुमच्यावर.”

“आधी मोठा तर हो,” बोराटी हसून म्हणाली. पण ती पाघळली होती. ‘मावशी’ तिला आजवर कुणी म्हटलेच नव्हते.

पलीकडे तरवड उभा होता. तरवडाला शेळ्या तोंड लावत नसत, त्यामुळे त्याला कुणाची गरज नव्हती आणि कुणाची भीडही नव्हती. “याचा पाला कडू आणि जीभ गोड,” तो म्हणाला. “जपून राहा, बाई.” बोराटीने तिकडे कानाडोळा केला.

दोन वर्षांनी पाऊस आलाच नाही. शेळ्या इतक्या भुकेजल्या की काट्यांत तोंड घालू लागल्या. त्याच सुमाराला बोराटीच्या मुळाला, मावळतीच्या बाजूला, तिचा स्वतःचा एक कोंब फुटला होता. अंगात पाणी होते ते एकाच नव्या फांदीपुरते. ती फांदी लिंबाकडे वळवायची की कोंबाकडे, एवढाच प्रश्न होता.

“मावशी, मला तुझ्याशिवाय कोण आहे गं?” लिंब म्हणाला. तोवर तो तिला ‘अगं’ म्हणू लागला होता.

कोंब काहीच बोलला नाही. घरच्यांनी शब्द द्यायची रीत नव्हती. बोराटी दोन दिवस घुटमळली आणि तिने फांदी लिंबाकडे वळवली. तिसऱ्या दिवशी शेळीने कोंब खाल्ला. तीन घासांत खाल्ला. बोराटीने तिन्ही ऐकले. लिंबाने त्या दिवशी पान हलवले नाही, आणि बोराटीने मनाशी म्हटले, आता हाच माझा.

मग लिंब वाढू लागला. तिच्या फांद्यांमधून वाट काढत तो वर निघाला, तेव्हा त्याचे खोड खरचटू नये म्हणून तिने आपले काटे बाहेरच्या बाजूला फिरवून धरले. एका पावसाळ्यात त्याचा शेंडा शेळ्यांच्या तोंडापलीकडे गेला. बोराटी भेटेल त्या पाखराला हे सांगत सुटली.

ज्या दुपारी लिंबाची सावली पहिल्यांदा तिच्यावर पडली, त्या दुपारी तिला आनंद आवरेना. “बघितलंस?” ती तरवडाला म्हणाली. “पाळला त्याने शब्द!” जन्मभर डोक्यावर ऊन घेतलेल्या झुडपाला पहिली सावली म्हणजे काय असते, ते तिचे तिलाच ठाऊक. तो उन्हाळा तिने नुसता सुखात काढला.

पुढच्या साली तिला मोहोर कमी आला. त्याच्या पुढच्या साली बोरे वाटाण्याएवढीच राहिली. पाने पिवळी पडली, नवे काटे मऊ निघू लागले. पाण्यासाठी मूळ खोल घालावे, तर तिथे लिंबाचे मूळ आधीच पोचलेले असायचे. वरून त्याचा कडू पाला थरावर थर साचत होता. बोराटीने बरेच दिवस मन मारले, आणि एकदा ती बोललीच.

“लिंबा, तुझी ही एक फांदी जरा आवर रे. मला ऊन लागत नाही.”

“सावली नको झाली का आता?”

“सावली मी मागितली नव्हती. तूच देतो म्हणालास.”

“मग दिली ना?” लिंब शांतपणे म्हणाला. “हे बघ, बोराटी, सगळा माळ माझ्याकडे बघतोय. मी शब्द मोडला असं उद्या कुणी म्हणायला नको.”

मावशी हा शब्द त्यात कुठेच नव्हता. फांदी तिथेच राहिली. वर बसलेली पाखरे मात्र दूरदूरपर्यंत सांगत होती, की लिंबाने आपल्या म्हातारीला कशी सावलीत ठेवली आहे. शेळीने खाल्ले असते तर बोराटीला इतके लागले नसते. शेळीने तिला कधी मावशी म्हटले नव्हते.

तिच्या फांद्या एकेक करून वाळल्या आणि मोडल्या. काटे गेले तशा शेळ्या आत आल्या. त्या भर दुपारी लिंबाच्या खोडाशी टेकून बसत, पाठ घासत, लेंड्या टाकत. लिंबाचा पाला आता त्यांच्या तोंडाला लागत नव्हता आणि लेंड्यांचे खत त्याला मानवत होते. त्यांचे चांगले जमले. ज्यांच्या भीतीने तो तिच्या पोटाशी येऊन दडला होता, त्यांना तो आता “या, बसा” म्हणत होता. बोराटीने हे उरल्यासुरल्या डोळ्यांनी पाहिले.

ती मेली मात्र नाही. तिचे एक मूळ बरीच वर्षे उगवतीकडे सरकत होते. सावलीची कड ओलांडून, रखरखत्या उन्हात ते वर आले आणि तिथे ती पुन्हा हातभर झुडूप होऊन उभी राहिली. शेजारीच तिला एक कोंब फुटला. जेवढे काटे होते तेवढे तिने त्याच्याभोवती घातले.

“पुन्हा पहिल्यापासून?” तरवडाने विचारले.

“पहिल्यापासून.”

त्या वर्षी तिच्यापासून दोन हातांवर, मावळतीच्या अंगाला, एक रोप वर आले. दातेरी पाने, कोवळा लालसर शेंडा.

“मावशी,” ते म्हणाले, “जरा आडोसा द्याल का? मोठा झालो की माझी—”

“नको,” बोराटी म्हणाली. “ते नको बोलूस. कुणाचा तू?”

रोपाने मोठ्या झाडाकडे पान केले. आणि कित्येक वर्षांनी तिकडून हाक आली.

“मावशी! अगं, ते माझं लेकरू आहे. एक फांदी, एकच, इकडे कर ना!”

बोराटीने आपल्या फांदीकडे पाहिले. ती कोंबावर वाकलेली होती.

“तुझी सावली आहे ना एवढी,” ती म्हणाली. “ती दे त्याला.”

ऊन कलले. लिंबाची सावली रोज लांबायची तशी उगवतीकडे लांबू लागली. खोडाशी बसलेल्या शेळ्यांच्या पाठीवर ऊन आले, तशा त्या उठल्या, अंग झटकून सावलीबरोबर पुढे सरकल्या, पुन्हा ऊन आले की पुन्हा सरकल्या. लिंबाने जन्मात पहिल्यांदा फांद्या आवरून घ्यायचा प्रयत्न केला. त्या आवरेनात. सावली रोपाच्या शेंड्यावर आली, मग सगळ्या रोपावर पसरली, आणि तिच्या मागोमाग येऊन एक शेळी थांबली.