झिपरीची बनाक्का

फार वर्षांपूर्वी बोरजाईच्या माळावर बनाक्का नावाची धनगरीण राहत होती. नवरा लवकर गेला, म्हणून ती धाकट्या दिराबरोबर, म्हाकूबरोबर, मेंढरांमागं फिरायची. बोलायची कमी. आजारी कोकराला तिच्याच मांडीवर झोप लागायची, असं म्हणतात.

एका उन्हाळ्यात माळावर एका सरदाराची फौज उतरली. तोफखान्यात एक फ्रेंच गोलंदाज होता आणि त्याच्याजवळ त्याच्या मुलखातली कुत्री होती. अंगभर लांब पिंगट केस, डोळेसुद्धा केसांआड. त्या जातीला तिकडं ब्रियार म्हणतात आणि ती मेंढरं वळायला पाळतात. पण इथल्या उन्हानं ती पार बसली होती. केसांच्या गुठळ्या झालेल्या, कानांत गोचिडी आणि पोटात पिल्लं. फौज हलली तेव्हा तिला उठता येईना. गोलंदाजानं तिला बनाक्काच्या पुढ्यात ठेवलं आणि दुभाष्याकरवी सांगितलं, “केस कापू नका. विंचरून मोकळे ठेवले तर ऊन लागत नाही. पाय रोज बघा.” मग तो मागं न बघता चालू लागला.

“कातर घाल नि मेंढरागत भादर तिला,” म्हाकू म्हणाला.

“नको भाऊजी. त्याचं कुत्रं हाय, त्याला ठावं असंल.”

बनाक्कानं तिला बाभळीखाली ओल्या घोंगडीवर निजवलं. लाकडी फणीनं एकेक गुठळी सोडवली, गोचिडी वेचून करंजाचं तेल लावलं, बोटांच्या बेचक्यांतली कुसळं उपसली. ही स्वतःच्या डोक्याला कधी फणी लावत नाही, असं म्हणून लोक हसले. तिनं कुत्रीचं नाव झिपरी ठेवलं आणि रोज संध्याकाळी तिचे पाय बघितल्याशिवाय ती स्वतः जेवायची नाही.

झिपरी बरी झाली, व्याली, आणि पिल्लं जरा मोठी झाल्यावर मेंढरांत शिरली. आपली कुत्री लांडग्यावर भुंकतात. ही भुंकेना, चावेना, नुसती कळपाभोवती फिरायची आणि कळप आपोआप गोळा व्हायचा. म्हाकूला ते बघून भ्या वाटलं.

“ही राखण न्हवं, चेटूक हाय. वाडा हलला की हिला इथंच सोडायची.”

“मग मीबी इथंच ऱ्हाईन,” बनाक्का म्हणाली.

वाडा, म्हणजे मेंढरांचा तळ, हलायच्या आधीच एका दुपारी गारा आल्या. मेंढरं उधळली ती थेट कड्याकडं. म्हाकूची हाक त्याची त्यालाच ऐकू येईना. झिपरी कळपाला वळसा घालून पुढं गेली आणि कड्याच्या काठानं धावू लागली. ती इतकी वेगानं फिरली, की कुत्री दिसेना, तिथं पिंगट भिंत उभी राहिली आणि गारा त्या भिंतीवर आपटून बाहेर पडल्या, असं म्हणतात. गारा थांबल्या तेव्हा सगळी मेंढरं एका जागी होती आणि कोकरालासुद्धा ओरखडा नव्हता. झिपरी काठावर आडवी पडली होती. तिचे पंजे सोलून निघाले होते.

म्हाकूनं डोईचं मुंडासं फाडून तिचे पाय बांधले. “वैनी, हिचं कसं करायचं ते मला दाव,” एवढंच तो म्हणाला.

झिपरीची पिल्लं लांबलांबच्या वाड्यांवर गेली. प्रत्येक पिल्लाबरोबर बनाक्काही जायची आणि त्या घरातल्या हातांना फणीची नि पाय बघायची सवय लागेपर्यंत राहायची. ज्यांनी कंटाळा केला त्यांची कुत्री टिकली नाहीत. जात विरळ होत गेली, तशी म्हातारी बनाक्का आणखी फिरू लागली. एकदा दाट धुक्यात एक लंगडणारी कुत्री भरकटली. तिला शोधायला बनाक्का गेली ती परत आली नाही. कुत्री आली. ती लंगडत नव्हती आणि तिचे केस नुकतेच विंचरलेले होते, असं म्हणतात.

डोळ्यांवर केस असलेली कुत्री बोरजाईत आता क्वचितच जन्मते. पण कुत्रं कुठलंही असो, तिथं संध्याकाळी त्याचे पाय बघितल्याशिवाय कुणी जेवत नाही. एखादा विसरून पानावर बसला, तर घरातली थोरली बाई रागावत नाही. ती विचारते, “बनाक्का जेवली का?”

तो हातातला घास ठेवतो आणि उठून बाहेर जातो.