कौतिकाची खोप

"मग माझ्या पोरीच्या वाटणीची सावली कधी यायची म्हाराज, तेवढं सांगा की!"

भर दुपारी कौतिकानं असं तोंडावर विचारलं. खडी फोडायचा हातोडा हातात तसाच होता. निरामयानंद महाराज दोन पावलं मागं सरले.

महाराज प्रवचनाच्या मांडवातून बाहेर आले होते, आम्ही चारजण मागोमाग; पण ते काही तिच्यासाठी नव्हे. ते आले होते आपल्या गुरूंना आत न्यायला. गुरू म्हणजे सटवाजीबुवा. डोंगरापलीकडच्या वस्तीवरून म्हातारा पायी आला होता, शिष्यानं बोलावलं म्हणून. आत मांडवात बुवांसाठी मऊ गादी घातली होती, पंखा लावला होता. आणि बुवा उभे होते मांडवापासून लांब, खडीच्या ढिगापाशी, उघड्या डोक्यानं, उन्हाकडे पाठ करून. पायाशी गोधडीच्या तुकड्यावर कौतिकाची तान्ही पोर निजली होती.

"बुवा, चला ना आत. लोक खोळंबलेत."

बुवा तिथंच उभे. महाराज कौतिकाकडे वळले.

"बाई, तू आधी कामाला जा. प्रवचन झाल्यावर भेट."

"झाल्यावर कशाला? काल सांजच्याला झटका आला पोरीला. डोळं पांढरं केलं तिनं. डागदर म्हनला, पुन्यांदा उन्हात ठिवली तर हाती लागायची न्हाई. मग ठिवू कुठं? तुमच्या डोक्यावर?"

हकिगत अशी. खाणीवर औषधालासुद्धा झाड नाही. म्हणून खडी फोडणाऱ्या बायांनी आपल्या हातांनी एक खोप बांधली होती. थोडे बांबू, वर पोत्यांचं छप्पर. त्यात त्यांची लेकरं निजायची. परवा खाणमालकाच्या मांडवात महाराजांचं पहिलं प्रवचन झालं. उजेड म्हणजे सुख, सावली म्हणजे दुःख, आणि दोन्हींचा तोल म्हणजे जीवन. लोकांनी माना डोलावल्या. काल सकाळी खाणमालकानं माणसं लावून खोप उपटली. का, तर मांडव वाढवायला बांबू कमी पडत होते. बाया भांडायला आल्या तर हसत म्हणतो कसा, "महाराजच म्हणाले ना, सावली म्हणजे दुःख? घ्या, तुमचं दुःख काढून टाकलं!"

आणि मांडवातली माणसं हसली हो! मला विचाराल तर तिथंच एक ठेवून द्यायला हवी होती त्याच्या कानाखाली. पण आत नाश्ता होता, चहा होता. कोण देतंय! महाराजांच्या कानावर सगळं गेलं होतं. ते एवढंच म्हणाले की तोल आपोआप साधतो.

आताही तेच.

"शांत हो बाई," महाराज म्हणाले. आवाज माइकवरचाच. "जगात जितका उजेड, तितकीच सावली. एका पारड्यात एक, दुसऱ्यात दुसरं. आज तुझ्या पारड्यात जे पडलंय, त्यावर कुरकुर केलीस की तोल बिघडतो. सोस. पारडं फिरेल."

"कुनाचं फिरलंय आजवर?"

महाराजांनी उपरणं सावरलं.

"अन् सावली म्हंजे दुःख व्हय? कुठल्या उन्हात उभं ऱ्हाऊन शोधून काढलंत हे? ह्या ढिगावर बसा घटकाभर, खडी फोडू नका, नुसतं बसा. मग सांगा आमाला सावली म्हंजे काय असती ते!"

महाराजांचे कान लाल झाले.

"बुवा, ऐकताय ना? ही तुमच्या शिकवणीचा अपमान करते आहे. तोलाचा विचार तुमचाच ना?"

बुवांनी मान वळवून सूर्याकडे पाहिलं. मग खाली पाहिलं. अर्धं पाऊल डावीकडे सरकले.

"मी काहीतरी विचारतोय, बुवा."

बुवा आणखी बोटभर सरकले.

"मी गावोगाव तुमचं तत्त्वज्ञान सांगत फिरतो. लोक मला डोक्यावर घेतात ते तुमच्या नावानं. आणि तुम्ही... तुम्ही नुसती चुळबुळ करताय!"

तेव्हा कुठं माझं लक्ष गेलं. म्हाताऱ्याची सावली बरोब्बर पोरीच्या अंगावर पडली होती. ऊन सरकलं की म्हातारा सरकत होता. आल्यापासून त्यानं दुसरं काही केलंच नव्हतं. कौतिकाला ते दिसलं होतं, म्हणून तर ती काम टाकून इथं आली होती. आम्हां मांडवातल्या शहाण्यांना दिसलं नाही.

"वसंता," बुवा पहिल्यांदा बोलले. महाराजांचं हे जुनं नाव. आता त्या नावानं हाक मारायची कुणाची छाती नव्हती. "ती पारडी म्हणतोस... तो तराजू धरलाय कुणी?"

"परमेश्वरानं."

"बांबू त्यानं उपटले?"

महाराजांनी मांडवाकडे पाहिलं. मालक दारात उभा होता. महाराजांनी नजर काढून घेतली.

"इकडे ये," बुवा म्हणाले. "माझ्या जागी उभा राहा."

काय सांगू, महाराजांचा चेहरा असा खुलला! इतकी वर्षं याच शब्दाची तर वाट पाहिली होती त्यांनी. गुरूनं चारचौघांत आपली जागा देणं, ही काय साधी गोष्ट झाली? मालकानं घाईघाईनं फोटोवाल्याला खूण केली. महाराज पुढं आले, बुवांच्या पाया पडले, आणि बुवा बाजूला होताच त्यांच्या जागी हात जोडून उभे राहिले.

"आता उपदेश करा, बुवा."

"हलू नको."

एवढं बोलून बुवा ढिगाच्या कडेला टेकले. कौतिकानं मडक्यातलं पाणी दिलं ते गटागटा प्यायले. म्हाताऱ्याची मान करपून काळी पडली होती.

फोटोवाल्यानं फोटो काढले आणि सावलीत पळाला. मालक आत गेला. महाराज उभेच.

थोड्या वेळानं त्यांच्या टाळूवरून घामाचे ओघळ निघाले. रेशमी उपरणं पाठीला चिकटलं.

"बुवा, फार चटका बसतोय."

"बसतो."

"प्रवचनाची वेळ टळून जातेय..."

"सरकलास बघ. तिच्या तोंडावर ऊन आलं."

महाराज दचकून पुन्हा जागेवर आले. आणि मग त्यांनी खाली पाहिलं, त्या दिवशी पहिल्यांदा. पोरीचे ओठ फुटले होते. छातीचा भाता भरभर हलत होता. कौतिका तिच्या कपाळावर ओलं फडकं ठेवत होती, ते ठेवल्या ठेवल्या सुकत होतं.



मांडवातून माणूस बोलवायला आला. महाराजांनी त्याला हातानंच परत पाठवलं. आत कुणीतरी भजन सुरू करून दिलं.

"बुवा," ते म्हणाले. आवाज आता माइकवरचा राहिला नव्हता. "किती वेळ उभं राहायचं मी?"

"हिची खोप उभी राहीपर्यंत."

"पण... पण बांबू तर सगळे माझ्या मांडवाला लागलेत!"

"मग मांडव सोडा म्हणून हाक मार ना," बुवा म्हणाले. "इथूनच मार."